वय सांगणारा नकाशा : ओपनस्ट्रीटमॅपचे परीक्षण

पुण्याच्या चांदणी चौकातला जुना पूल २ ऑक्टोबर २०२२ रोजी मध्यरात्रीनंतर स्फोटकांनी पाडण्यात आला. धुरळा खाली बसला तरी पुलाचा काही भाग उभाच होता आणि तो यंत्रे लावून उतरवावा लागला. त्या जागी नवा उड्डाणपूल खुला झाला तो १२ ऑगस्ट २०२३ रोजी. मधल्या दहा महिन्यांत बावधन, कोथरूड, मुळशी किंवा मुंबईच्या बाजूला जायचे तर नेमके कुठून वळायचे, हे गेल्या वेळच्या अनुभवावरून सांगता येईलच असे नव्हते. अशा जागेचा नकाशा काढायचा तर तो कोणत्या दिवसाचा काढायचा, हा पेच नकाशा पुरवणाऱ्या प्रत्येक सेवेपुढे असतो, आणि बहुतेक सेवा तो वापरणाऱ्याच्या नजरेस पडू देत नाहीत. ओपनस्ट्रीटमॅप ही खुली आणि विनामूल्य नकाशासेवा मी बरीच वर्षे वापरत आलो आहे व जमेल तशी तिच्यात भरही घालत आलो आहे. या परीक्षणात तिच्याकडे एकाच बाजूने पाहायचे आहे: जागा बदलत असताना ही सेवा काय करते, आणि जे करते ते आपल्याला सांगते का?

क्षणभर कल्पना करावी, की सतत सरकणाऱ्या वास्तवाचे आरेखन करणारे एक स्वतंत्र शास्त्र आहे. कोणत्याही विद्यापीठात त्याचा विभाग नाही आणि क्रमिक पुस्तकही नाही. पण असते, तर त्याच्या मागण्या काय असत्या याचा अंदाज बांधणे फारसे कठीण नाही. नकाशावरची प्रत्येक गोष्ट शेवटची कधी व कोणी पाहिली याची नोंद असावी, ही पहिली मागणी असती. ‘आहे’ आणि ‘नाही’ यांच्या मधल्या अवस्थांना, म्हणजे जे व्हायचे आहे, जे होत आहे, जे बंद पडले आहे किंवा जे पाडले गेले आहे त्याला, वेगवेगळ्या खुणा असाव्यात असाही आग्रह त्या शास्त्राने धरला असता. आणि ज्यांना मुळातच एक काठ, एक नाव किंवा एक ठाम जागा नाही अशा गोष्टींना नाइलाजाने एकच रेषा देताना ती कोणत्या संकेतानुसार दिली हे उघड सांगावे, असेही त्याचे म्हणणे पडले असते. रोजच्या वापरातल्या ॲपना यातले काहीच जमत नाही, कारण ग्राहकाला नकाशा पक्का वाटला पाहिजे हीच त्यांची पहिली गरज असते. ओपनस्ट्रीटमॅपची गोष्ट वेगळी आहे: या सगळ्याची सोय तिच्या पोटात आहे, पण ती सामान्य माणसापर्यंत पोहोचवण्यात ती कमी पडते.

आधी सेवेची ओळख थोडक्यात करून देतो. २००४ मध्ये स्टीव्ह कोस्ट यांनी ब्रिटनमध्ये हा प्रकल्प सुरू केला. तिथल्या सरकारी सर्वेक्षण संस्थेचे नकाशे उत्तम होते, मात्र ते वापरायचे तर परवाना आणि पैसे मोजावे लागत. तेव्हा लोकांनी जीपीएस यंत्र घेऊन आपापले रस्ते स्वतःच टिपावेत, अशी त्यामागची साधी कल्पना होती. कामाची व्यवस्था पाहणारे फाउंडेशन २००६ मध्ये स्थापन झाले. संकेतस्थळ पहिल्यांदा उघडणाऱ्याला समोरचे रंगीत चित्र म्हणजेच ओपनस्ट्रीटमॅप असे वाटते, पण ते चित्र केवळ एक नमुना आहे. खरी वस्तू आहे ती त्यामागचा माहितीसाठा, आणि त्यात बिंदू, रेषा व या दोहोंना एकत्र बांधणारे संबंध अशा तीनच प्रकारच्या गोष्टी असतात. विहीर किंवा एटीएम हा बिंदू, रस्ता ही रेषा, तलाव ही बंद केलेली रेषा आणि अनेक रस्त्यांवरून जाणारा बसचा मार्ग हा संबंध. प्रत्येकाला गुणविशेषांच्या चिठ्ठ्या जोडायच्या: हा डांबरी आहे, हा एकेरी आहे, याचे मराठी नाव अमुक आहे. केलेला बदल बहुधा काही मिनिटांत मुख्य नकाशावर दिसू लागतो आणि जगभरच्या बदलांची फाइल दर मिनिटाला प्रसिद्ध होते. ताजेपणाच्या बाबतीत सेवेची क्षमता एवढी आहे. प्रत्यक्ष ताजेपणा अर्थातच त्या त्या जागी कोणी लक्ष घालते की नाही यावर ठरतो.

आमच्या रस्त्यावरच्या एका गाळ्याचा बिंदू मी अधूनमधून उघडून पाहतो. संकेतस्थळावर त्या बिंदूवर जाऊन ‘इतिहास’ पाहिला, की त्याच्या सगळ्या आवृत्त्या एकाखाली एक येतात. पहिल्या आवृत्तीत तिथे सायबर कॅफे आहे. पुढच्या नोंदीत झेरॉक्स आणि स्टेशनरी, त्यानंतर मोबाइल दुरुस्ती, आणि आता केकचे दुकान. प्रत्येक आवृत्तीखाली बदल करणाऱ्याचे टोपणनाव, तारीख, वेळ आणि त्याने लिहिलेली ओळ असते. कोणी ‘प्रत्यक्ष पाहून’ असे लिहिलेले असते, कोणी उपग्रह प्रतिमेचा हवाला देतो आणि कोणी काहीच लिहीत नाही. या यादीत न दिसणारी गोष्टही तितकीच बोलकी आहे. झेरॉक्सवाला गेल्यानंतर त्या गाळ्याचे शटर बरेच दिवस बंद होते आणि त्या काळाची एकही नोंद नकाशात नाही, कारण बंद शटर टिपायला कोणी आले नाही. म्हणजे इथल्या तारखा दुकान कधी बदलले हे सांगत नाहीत, ते बदललेले कोणाच्या कधी लक्षात आले एवढेच सांगतात. हा फरक ध्यानात ठेवला तर या इतिहासाचा फार चांगला उपयोग होतो. विसरला तर आठ वर्षांपूर्वीची नोंद जुनी म्हणून वाईट आणि कालची नोंद ताजी म्हणून चांगली, असा भलताच निष्कर्ष निघतो. गावातले आठ वर्षांपूर्वी नोंदवलेले ग्रामदैवताचे देऊळ आजही तिथेच असते. मुंबईच्या एखाद्या रहदारीच्या रस्त्यावरचे सहा महिन्यांपूर्वीचे खाद्यपदार्थांचे दुकान मात्र आज असेलच याची खात्री कोणी देऊ नये.

यावर उपाय म्हणून तपासणीची तारीख लिहिण्याची एक चिठ्ठी उपलब्ध आहे. जागेवर जाऊन पाहिले, काहीच बदललेले नव्हते, तरी तसे नोंदवून ठेवायचे. आपल्याकडे ही चिठ्ठी फारच कमी ठिकाणी लावलेली आढळते, आणि त्यात नवल नाही. काही बदलले नाही हे सांगण्यासाठी कष्ट घेणारी माणसे कोणत्याही क्षेत्रात थोडीच असतात. अँड्रॉइडवरचे स्ट्रीटकंप्लीट हे छोटे ॲप या बाबतीत मोठे काम करते. आपण रस्त्याने चाललो असताना ते आसपासच्या गोष्टींबद्दल साधे प्रश्न विचारते, जसे की हा रस्ता कोणत्या पृष्ठभागाचा आहे किंवा हे दुकान अजून इथे आहे का. उत्तर दिले की ते थेट नकाशात जमा होते, आणि नोंद जुनी झाली की काही प्रश्न ते पुन्हा विचारते. नकाशाशास्त्राचा गंध नसलेल्या माणसालाही हे जमते, म्हणून नव्याने येणाऱ्याला मी इथूनच सुरुवात करायला सांगेन.

मधल्या अवस्थांचे व्याकरण हा या सेवेचा माझ्या मते सर्वांत देखणा भाग आहे. प्रस्तावित, बांधकाम चालू, वापरात नाही, सोडून दिलेले, पाडलेले अशा खुणा मूळ गुणविशेषाच्या आधी लावता येतात, त्यामुळे पडीक गिरणी ही गिरणीच राहते, फक्त ती चालू असल्याचा आव नकाशा आणत नाही. समृद्धी महामार्गाचे उदाहरण घ्यावे. ७०१ किलोमीटरचा हा रस्ता एका दिवसात खुला झाला नाही. नागपूर ते शिर्डी हा टप्पा डिसेंबर २०२२ मध्ये, शिर्डी ते भरवीर मे २०२३ मध्ये, भरवीर ते इगतपुरी मार्च २०२४ मध्ये आणि इगतपुरी ते आमणे हा शेवटचा टप्पा जून २०२५ मध्ये सुरू झाला. या अडीच वर्षांत तो एकाच वेळी पूर्ण झालेला रस्ताही होता आणि डोंगर पोखरण्याचे कामही होते. अशी गोष्ट एका नावाच्या पण वेगवेगळ्या अवस्थांच्या तुकड्यांत मांडण्याची सोय या माहितीसाठ्यात आहे, आणि मार्ग शोधणारी यंत्रणा ‘बांधकाम चालू’ असलेल्या तुकड्यावर गाडी नेत नाही. अडचण येते ती खूण बदलायला कोणी विसरले तर. उद्घाटनाच्या बातमीने उत्साहित होऊन फीत कापण्याच्या आदल्याच दिवशी रस्ता ‘खुला’ करून टाकणारेही असतात. तेव्हा मोठ्या प्रकल्पांच्या आसपास थोडी सावधगिरी बरी.

आता ज्या गोष्टींना ठाम कडाच नाही त्यांच्याकडे वळू. भीमेवरच्या उजनी धरणाचा जलाशय, म्हणजे यशवंतसागर, हे त्याचे जवळचे आणि अतिशय अवघड उदाहरण आहे. पावसाळ्याच्या शेवटी पाणी इंदापूर, करमाळा, कर्जत या तालुक्यांच्या शेतशिवारात दूरवर पसरलेले असते. उन्हाळ्यात ते मागे हटते, उघड्या पडलेल्या गाळात शेतकरी गाळपेर करतात, आणि पाणी पुरेसे उतरले की एरवी बुडालेले पळसदेवचे जुने मंदिर दिसू लागते. तिथे माणसे चालत जातात. मग या जागेवर निळा रंग भरायचा की शेताचा? ओपनस्ट्रीटमॅपच्या संपादनाच्या साधनात काठ रेखायला बसले की पहिली अडचण कळते ती उपग्रह प्रतिमेची. प्रतिमा अनेक तुकड्यांची असते, शेजारच्या दोन तुकड्यांच्या तारखा वेगळ्या असतात, आणि एका तुकड्यात ऑक्टोबरचे तुडुंब पाणी तर दुसऱ्यात मे महिन्याची भेगाळलेली माती असेल तर काठाची रेषा सांध्यावर येऊन अचानक उडी मारते. जी प्रतिमा दिसेल ती इमानदारीने गिरवणाऱ्याच्या हातून असे काठ होतात, की ज्या दिवशी जलाशय तसा होता असा एकही दिवस कॅलेंडरात सापडणार नाही.

यातून वाट काढता येते. पूर्ण भरलेल्या पाण्याची कड बाहेरून आखायची, आत बारमाही पाण्याचा भाग वेगळा काढायचा आणि मधल्या पट्ट्याला ‘कधी पाणी, कधी कोरडे’ अशी खूण द्यायची. माहितीसाठा हे सारे सामावून घेतो. पण वेगवेगळी ॲप ही खूण आपापल्या मर्जीने रंगवतात. एखादे ती ठिपक्यांनी दाखवते, तर एखादे सरळ निळा रंग फासून मोकळे होते. गाळपेर करणाऱ्याच्या दृष्टीने त्या निळ्या रंगाखाली त्याचे पीक उभे असते. दोष माहितीचा नाही, तो रंगवणाऱ्याचा आहे, पण वापरणाऱ्याला दोघांतला फरक कसा कळावा? इथे सेवेने आपल्या मुख्य नकाशापुरता तरी याहून स्पष्ट संकेत ठरवायला हवा.

समुद्राच्या बाबतीत मात्र संकेत ठरलेला आहे, आणि तो चांगला आहे. किनाऱ्याची रेषा म्हणजे उधाणाच्या भरतीच्या पाण्याची सरासरी पातळी. भांगाच्या, म्हणजे लहान भरतीच्या, दिवसांत किंवा ओहोटीला उघडी पडणारी पुळण व चिखलवट या रेषेच्या समुद्राकडच्या बाजूला राहते आणि ती वेगळ्या खुणेने दाखवायची असते. ज्याने कोकणातली खाडी भरतीला आणि ओहोटीला अशी दोन्ही वेळा पाहिली आहे त्याला हा नियम किती कामाचा आहे हे वेगळे सांगायला नको. त्यामुळे खाजण, कांदळवन आणि पुळण यांना आपापली जागा मिळते. ही रेषा काढण्याची दिशाही ठरलेली आहे: डावीकडे जमीन, उजवीकडे पाणी. रेषा कुठे तुटली किंवा उलटी झाली तर नकाशा काढणाऱ्या यंत्रणेला जमीन कुठली आणि पाणी कुठले तेच कळेनासे होते, म्हणून किनाऱ्यावर वेगळी प्रक्रिया केली जाते आणि तिथले बदल रस्त्यांच्या बदलांइतके झटपट दिसत नाहीत. मुंबईच्या सागरी किनारा रस्त्यासाठी झालेल्या भरावासारख्या ठिकाणी यामुळे रस्ता आधी आणि त्याच्याखालची जमीन नंतर, असा गमतीदार क्रम होऊ शकतो. अशा वेळी काही दिवस गाड्या अरबी समुद्रावरून धावताना दिसल्या तर दचकून जाऊ नये.

नावांचा मामला याहून नाजूक, पण हाताळायला सोपा निघाला आहे. औरंगाबाद आणि उस्मानाबाद यांची नावे २०२३ मध्ये छत्रपती संभाजीनगर आणि धाराशिव झाली, तर २०२४ मध्ये अहमदनगरचे अहिल्यानगर झाले. औरंगाबाद रेल्वे स्थानकाचे नाव मात्र शहरामागोमाग लगेच बदलले नाही. ते व्हायला २०२५ उजाडले. दुकानांच्या पाट्या, जुनी कागदपत्रे आणि लोकांच्या तोंडची भाषा तर आपापल्या गतीनेच बदलते. माहितीसाठ्यात चालू नाव, जुने नाव, पर्यायी नाव आणि प्रत्येक भाषेतले नाव यांसाठी स्वतंत्र रकाने असल्याने शोधताना कोणतेही नाव दिले तरी गाव सापडू शकते. खंत वेगळीच आहे. महाराष्ट्रातल्या असंख्य वाड्यावस्त्यांचा मराठी नावाचा रकाना रिकामा आहे, आणि मुख्य संकेतस्थळावर आपल्या भागातली नावे बहुतांशी रोमन लिपीत उमटतात. रोमन अक्षरांत लिहिलेल्या नावावरून ‘ळ’ होता की ‘ल’, ‘ण’ होता की ‘न’ हे ओळखणे स्थानिक माणसाशिवाय कोणालाही शक्य नाही. हे काम उपग्रहाचे नाही आणि परदेशातल्या स्वयंसेवकाचेही नाही. ते आपणच करायचे आहे.

आणखी एका सरकण्याचा उल्लेख केला नाही तर हे परीक्षण अपुरे राहील, कारण ते प्रत्यक्ष जमिनीचेच सरकणे आहे. विल्यम लॅम्ब्टनने १८०२ मध्ये मद्रासजवळ पायारेषा मोजून भारताच्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणाला आरंभ केला आणि १८२३ मध्ये हे काम चालू असतानाच त्याचा आपल्या वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटला मृत्यू झाला. त्याची कबर तिथेच आहे. त्याच्या हिशेबात दोन टेकड्यांमधले अंतर मोजताना चूक झाली तर ती माणसाची किंवा मोजणीच्या साखळीची असे. टेकड्या जागच्या जागी आहेत हे गृहीतच होते. भारतीय भूपट्ट मात्र वर्षाला सुमारे ५ सेंटिमीटर वेगाने ईशान्येकडे सरकतो आहे. ओपनस्ट्रीटमॅप प्रत्येक बिंदूचे अक्षांश-रेखांश दशांश चिन्हापुढे सात अंकांपर्यंत साठवते, म्हणजे जवळजवळ सेंटिमीटरच्या नेमकेपणाने. प्रकल्पाच्या पहिल्या दिवसांत टिपलेला भारतातला बिंदू आणि आज तिथेच उभे राहून टिपलेला बिंदू यांत निव्वळ भूपट्टामुळे एक मीटरहून जास्त फरक पडतो. ऑस्ट्रेलियाने याच कारणासाठी आपली राष्ट्रीय संदर्भचौकट, म्हणजे अक्षांश-रेखांश ज्या आधारावर मोजतात तो पाया, बदलली. १९९४ च्या चौकटीकडून २०२० च्या चौकटीकडे जाताना तिथले सहनिर्देशक सुमारे १.८ मीटर सरकले. मोबाइलमधल्या जीपीएसची चूकच काही मीटरची असते म्हणून रस्ता शोधणाऱ्याला याने फरक पडत नाही. पण शेताच्या बांधाचा वाद या नकाशावरून मिटवायला निघालेल्या माणसाला ते सात अंक दाखवून गप्प करू नये; तो नेमकेपणा साठवणुकीचा आहे, मोजणीचा नाही. त्यासाठी भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणीच हवी.

नकाशाचे वय या विषयात प्रतींचे वयही येते, आणि सामान्य वापरकर्त्याची सर्वाधिक फसगत इथेच होते. ऑगस्ट २०१८ मध्ये कोणा खोडसाळाने न्यूयॉर्क शहराचे नाव बदलून त्या जागी ज्यूद्वेष्टा शब्द घातला. ओपनस्ट्रीटमॅपवर तो लवकरच काढून टाकण्यात आला. पण ही माहिती उचलून इतर ॲपना नकाशे पुरवणाऱ्या एका व्यावसायिक कंपनीच्या साठ्यात तो शिरला आणि महिनाअखेरीस अनेक लोकप्रिय ॲपमध्ये झळकला. मुळात दुरुस्त झालेली चूक प्रतीत जिवंत होती. मोबाइलवर इंटरनेटशिवाय चालणारे नकाशे वापरताना आपण अशीच एक प्रत खिशात घेऊन फिरत असतो. ओपनस्ट्रीटमॅपच्या माहितीवर इंटरनेटशिवाय चालणाऱ्या ओस्मअँड या ॲपच्या नकाशाफाइली साधारण महिन्याने नव्या होतात. आपण त्या उतरवून घेतल्या नाहीत, तर सेवा कितीही ताजी असली तरी आपल्या हातातला नकाशा दोन वर्षांपूर्वीचा असू शकतो. फाइलची तारीख त्या ॲपच्या यादीत दिसते, ती पाहण्याची सवय लावून घ्यावी.

सह्याद्रीत फिरणाऱ्यांनी तर ही सवय सक्तीची समजावी. गडकिल्ल्यांच्या पायवाटा हे ओपनस्ट्रीटमॅपचे आपल्याकडचे बलस्थान आहे, आणि कित्येक घाटवाटा मला इतर नकाशांवर दिसल्याच नाहीत त्या इथे आहेत, कारण चालणाऱ्यांनी त्या स्वतः टिपल्या. वाट किती ठळक आहे आणि किती अवघड आहे हे नोंदवण्याच्याही खुणा आहेत. तरीही पावसाळ्यात गवत छातीपर्यंत वाढते, कारवी माजते, ओढा आपली बाजू बदलतो आणि दरड येते. १९ जुलै २०२३ च्या रात्री इर्शाळवाडीवर दरड कोसळली. इर्शाळगडाची नेहमीची वाट या वाडीतूनच जात असे. त्याआधीची प्रत जवळ बाळगणाऱ्याच्या नकाशात ती वाडी आजही नांदती आहे. अशा ठिकाणी काय करायचे, वस्तीचे नाव पुसून टाकायचे, ‘सोडून दिलेली’ अशी खूण करायची की पुनर्वसनाच्या जागी नेऊन ठेवायचे, यावर मतभेद होतात आणि ते होणे साहजिक आहे. माझे मत असे, की जागेवरचे नाव ठेवून अवस्था बदलावी आणि नव्या वसाहतीची स्वतंत्र नोंद करावी, कारण शोध आणि मदतीच्या कामात जुने नावच सर्वांत आधी उच्चारले जाते.

मदतकार्याचा विषय निघालाच आहे तर सेवेच्या जमेची एक मोठी बाजू सांगितली पाहिजे. १२ जानेवारी २०१० रोजी हैतीत भूकंप झाला तेव्हा राजधानी पोर्तोप्रँसचा तपशीलवार नकाशा सहज उपलब्ध नव्हता. जगभरातल्या स्वयंसेवकांनी भूकंपानंतर टिपलेल्या ताज्या प्रतिमांवरून रस्ते, पडलेल्या इमारती आणि उघड्यावरच्या तंबूवसाहती नोंदवल्या, आणि बचाव पथकांनी तो नकाशा वापरला. २०१५ च्या नेपाळ भूकंपातही हजारो लोकांनी असेच काम केले. एका रात्रीत पार पालटलेल्या शहराचा नकाशा इतक्या वेगाने नव्याने मांडण्याची ताकद या सेवेच्या खुल्या रचनेतूनच आली.

उणिवा सांगायच्या तर पत्ता शोधणे ही ठळक. ‘मारुती मंदिरामागे, पाण्याच्या टाकीसमोर’ अशा आपल्या पत्त्यांपुढे इथला शोध हतबल होतो आणि घरक्रमांक आपल्याकडे जवळपास नसल्यातच जमा आहेत. रहदारीची जिवंत माहिती नाही, त्यामुळे संध्याकाळी सहा वाजता हिंजवडीहून निघणाऱ्याने या सेवेकडून अपेक्षा ठेवू नये. दुकानांच्या वेळा आणि फोन क्रमांक तुरळक. पुणे-मुंबईत माहिती दाट आणि गडचिरोली-नंदुरबारच्या आतल्या भागात विरळ, ही विषमता तर नकाशाकडे नुसते पाहिले तरी दिसते. पण माझी मुख्य तक्रार वेगळी आहे. ज्या गोष्टीमुळे ही सेवा इतरांहून सरस ठरते ती, म्हणजे प्रत्येक नोंदीचे वय, नकाशा पाहताना कुठेच दिसत नाही. ती पाहायला वस्तू निवडा, तिचा इतिहास उघडा, आवृत्त्या वाचा. पुसलेली वस्तू तर तिचा क्रमांक ठाऊक असल्याशिवाय संकेतस्थळावर सापडणे मुश्किल. ओव्हरपास नावाच्या साधनात सप्टेंबर २०१२ नंतरच्या कोणत्याही दिवशीचा नकाशा मागवता येतो, पण त्यासाठी प्रश्न लिहिण्याची एक खास भाषा शिकावी लागते. जुन्या नोंदी फिकट आणि ताज्या नोंदी गडद दाखवणारे एक बटण मुख्य संकेतस्थळावर असते, तर चांदणी चौकासारख्या ठिकाणी कोणत्या वळणावर भरवसा ठेवायचा हे एका नजरेत कळले असते. माहिती आहे, फक्त दाखवायची आहे.

ही माहिती छापील किंवा डिजिटल प्रकाशनात वापरणाऱ्यांसाठी दोन गोष्टी. परवाना २०१२ पासून खुल्या माहितीसाठ्याचा आहे. श्रेय देणे बंधनकारक आहे आणि माहितीत भर घालून ती प्रसिद्ध केली तर तीही त्याच अटींवर खुली करावी लागते. दुसरी गोष्ट आंतरराष्ट्रीय सीमांची. ओपनस्ट्रीटमॅप प्रत्यक्षात ज्याचा ताबा आहे त्याप्रमाणे सीमा दाखवते, भारत सरकारच्या भूमिकेप्रमाणे नाही. भारतात देशाचा नकाशा प्रसिद्ध करताना सीमारेषा भारतीय सर्वेक्षण विभागाच्या नकाशावरूनच घ्याव्यात. शाळेच्या नियतकालिकालाही याची सवलत नाही. फेब्रुवारी २०२१ च्या मार्गदर्शक सूचनांनी भारतीय व्यक्ती आणि संस्थांना भूस्थानिक माहिती गोळा करण्यासाठी पूर्वपरवानगीची गरज ठेवली नाही, त्यामुळे आपल्या गावचे रस्ते टिपायला आता कोणाला घाबरण्याचे कारण उरलेले नाही.

कोणी काय वापरावे, तर डोंगरात जाणाऱ्याने ओस्मअँड घ्यावे. त्याची मांडणी किचकट आहे आणि पहिल्या दिवशी डोके उठवते, पण समोच्चरेषा व वाटेच्या अवघडपणाच्या खुणा त्यात दाखवता येतात आणि नकाशाची भाषा मराठी ठेवता येते. साध्या प्रवासाला याच माहितीवर चालणारे ऑरगॅनिक मॅप्स हे ॲप पुरते. ते हलके आहे, जाहिराती नाहीत आणि बॅटरी बेताची खाते. शहरातल्या रोजच्या गर्दीसाठी रहदारी दाखवणारे एखादे व्यावसायिक ॲप सोबत असू द्यावे. आणि नकाशात चूक दिसली पण संपादन करायला वेळ नाही, तर संकेतस्थळावर त्या जागी टिपण सोडता येते. ते मराठीत लिहिले तरी चालते, कारण आपल्या भागातली टिपणे निस्तरणारे स्वयंसेवक बऱ्याचदा आपल्यातलेच असतात. टिपणात ‘रस्ता चुकीचा आहे’ एवढेच लिहू नये. काय पाहिले, कोणत्या तारखेला पाहिले आणि कोणत्या बाजूने येताना पाहिले, हे तिन्ही लिहावे.